खोली मोजता आली पाहिजे: सोलापुरातून प्रॉडक्शन डिझायनर होऊ पाहणाऱ्यांसाठी

काही वर्षांपूर्वी मुंबईत एका मालिकेसाठी मी यंत्रमाग कामगाराचं घर उभं केलं होतं. माग खरा मागवला. भीम (सूत गुंडाळायचा रूळ), धोटा, कांड्या सगळं खरं. भिंतीवर मार्कंडेय महामुनींची तसबीर आणि कोपऱ्यात तेंदूच्या पानांसकट विडीचं सूप. दिग्दर्शक खूश, कॅमेरामन खूश. भाग लागला त्या रात्री सोलापुरातून आईचा फोन आला. तिचं पहिलंच वाक्य होतं, "माग चालतोय ना त्या घरात? मग कोळिष्टकं काळी कशी?"

मागाच्या खोलीत दिवसभर बारीक कापूस उडतो आणि जाळ्यांवर बसतो. तिथली कोळिष्टकं पांढरी, फुगलेली, दोरीसारखी लोंबतात. माझं लहानपण त्याच खोलीत गेलं, आणि तरी रंगाऱ्याला मी "जाळी मळकट कर" एवढंच सांगितलं होतं.

मला या कामाविषयी जे सांगायचंय ते बहुतेक या एका फोनमध्ये आलं. चित्र सुंदर काढता येणं ही या धंद्यातली दुय्यम गोष्ट आहे. माणसं कशी राहतात ते इंचात आणि डागात माहीत असणं ही पहिली. आणि त्या बाबतीत सोलापूरच्या पोरांकडे भांडवल आहे, फक्त कोणी ते मोजून वहीत लिहिलेलं नसतं.

आधी कोण काय करतं ते

पडद्यावर माणूस सोडून जे दिसतं, म्हणजे भिंत, दार, दुकानाची पाटी, पलंगावरची चादर, टेबलावरचं लाईटबिल, त्या सगळ्याचा जबाबदार माणूस प्रॉडक्शन डिझायनर. कपडे वेशभूषाकाराकडे, उजेड छायालेखकाकडे. पण रंग ठरवताना तिघांना एकत्र बसावंच लागतं, नाहीतर हिरव्या भिंतीपुढे हिरवी साडी उभी राहते. कथेचं जग कसं दिसावं हे डिझायनर दिग्दर्शकासोबत ठरवतो. आर्ट डायरेक्टर ते जग नकाशे, सुतार, तारखा आणि पैसे यांत बसवून उभं करतो. सेट डेकोरेटर घर भरतो, प्रॉपर्टी मास्टर नटाच्या हातात जाणाऱ्या वस्तू सांभाळतो. मराठीत बजेट आटलं की हे चौघं एकाच माणसात मावतात आणि श्रेयनामावलीत 'कला दिग्दर्शक' एवढंच येतं. त्यामुळे नावावर जाऊ नका, कामावर जा.

'प्रॉडक्शन डिझायनर' हे पद पहिल्यांदा मिळालं ते 1939 च्या 'गॉन विथ द विंड'साठी विल्यम कॅमरून मेंझिस यांना. ऑस्करमध्ये पुरस्काराचं नाव मात्र 2012 पर्यंत 'आर्ट डायरेक्शन' असंच होतं. आपल्याकडे नाव नव्हतं, काम होतं. 1929 मध्ये कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली, तिच्या संस्थापकांतले साहेबमामा फत्तेलाल मुळात चित्रकार, आणि प्रभातचे भव्य सेट त्यांच्या हातचे. 1933 मध्ये प्रभात पुण्याला गेली. तिच्याच जागेवर 1960 मध्ये आजची फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. आपल्या जिल्ह्याचंच सांगायचं तर पंढरपुरात जन्मलेले एम. एफ. हुसेन मुंबईत सिनेमाचे फलक रंगवत होते, नंतर ते जगाचे हुसेन झाले.

पहिली पायरी: दहा घरं मोजा

यासाठी पैसे लागत नाहीत. पाच मीटरची टेप, चौकटीची वही आणि घरमालकाची परवानगी एवढं पुरे. परवानगी मागताना "पिक्चरसाठी" म्हणू नका, अख्खी गल्ली गोळा होते. "अभ्यासासाठी" म्हणा, चहा मिळतो.

दहा घरं एकमेकांपासून वेगळी निवडा. एक जुनं माळवदाचं घर, जाड दगडमातीच्या भिंती आणि लाकडी खांबांचं. एक पूर्व भागातलं पद्मशाली कुटुंबाचं, जिथं पुढच्या खोलीत माग आणि मागच्या खोलीत संसार. एक विडी कामगारांच्या घरकुलातलं. एक लिंगायत वाडा. एक रेल्वे क्वार्टर. एक जुळे सोलापुरातला नवा फ्लॅट, गुळगुळीत टाइल्सचा. उरलेली तुमच्या ओळखीची.

प्रत्येक घरात आधी मुख्य खोलीची लांबी, रुंदी, उंची घ्या. मग दाराची उंची. जुन्या घरांत ती साडेपाच फुटांपर्यंत खाली येते आणि माणूस वाकूनच आत येतो. नट आत कसा येईल हे तुम्ही ठरवलंत ते इथं. मग उंबरा, खिडकीची खालची कड जमिनीपासून किती, कट्टा किती उंच, देवघर कुठल्या भिंतीला, विजेचं बटण किती उंचावर, वायरिंग भिंतीत की लाकडी पट्टीवर. फूट-इंचातच लिहा, कारण पुढे सुतार 'सूत' म्हणेल, म्हणजे इंचाचा आठवा भाग. दिग्दर्शकासमोर मिलिमीटर बोललात तरी चालेल, सुतारासमोर नको.

मोजमाप झालं की डाग लिहा. हे कोणी शिकवत नाही. भिंतीला टेकून बसणाऱ्यांच्या डोक्याच्या उंचीवर तेलाचा पट्टा असतो. बटणाभोवती बोटांचा काळा ठसा असतो. चुलीच्या वरची भिंत काळी, पण जिथं डबा टांगलेला होता तेवढी गोल जागा पांढरी. दार नेहमी एकाच ठिकाणी धरलं जातं, तिथला रंग गेलेला असतो.

नंतर भिंतीवर काय काय आहे ते लिहा. सोलापुरात नुसत्या तसबिरींवरून घर ओळखता येतं. मार्कंडेय, सिद्धरामेश्वर, अक्कलकोटचे स्वामी समर्थ, डॉ. बाबासाहेब, मक्का-मदिना, आणि वारलेल्या आजोबांच्या फोटोला चंदनाचा हार. कॅलेंडर कोणाच्या दुकानाचं, कोणत्या भाषेतलं? मराठी, तेलुगू, कन्नड आणि दख्खनी या चार भाषा एका गल्लीत नांदतात, आणि त्या कानाआधी भिंतीवर दिसतात.

शेवटी घरी बसून प्रत्येक घराचा नकाशा काढा. प्रमाण पाव इंचाला एक फूट. पहिले तीन वाकडे येतील.

दुसरी पायरी: संहिता फोडायला शिका

वाचक कथा वाचतो, आपण यादी वाचतो. साध्या हिशेबाने पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावर एक मिनिट. पण एका ओळीत तुमचे दोन दिवस जाऊ शकतात. सरावासाठी मी मुलांना हे दृश्य देतो:

*दृश्य 14. आत. अंबादासचं घर. रात्र. अंबादास जेवतोय. बायको भाकरी वाढते. लाईट जाते. अंधारात तो पलंगाखालची पत्र्याची पेटी ओढून पाकीट काढतो. थोरला मुलगा दारात उभा. अंबादास ताट भिरकावतो.*

वाचायला वीस सेकंद लागतात. आता फोडू.

लाईट जाते, म्हणजे आधी काय जळत होतं? ट्यूब की बल्ब? गेल्यावर काय? मेणबत्ती असेल तर ती कुठं ठेवलेली असते, कंदील असेल तर काच कशी? जो दिवा चौकटीत दिसतो त्याला सेटवर 'प्रॅक्टिकल' म्हणतात. त्याची वायर कुठून येणार हे कॅमेरामन आणि इलेक्ट्रिशियनशी भिंत उभी राहण्याआधी बोलायचं.

पेटी पलंगाखाली आहे. पेटी बारा इंच उंच आणि पलंगाखालची जागा अकरा इंच, असं झालं की चित्रीकरण थांबतं आणि सगळे तुमच्याकडे बघतात. पेटी ओढताना आवाज येणार, तो साऊंडवाल्याला हवाय की नको?

मुलगा दारात आहे. दार आत उघडतं की बाहेर? जेवायच्या जागेवरून तो दिसला पाहिजे, म्हणजे दार आणि ताट यांची रेषा तुम्ही नकाशावर आखायची, दिग्दर्शकाने सेटवर येऊन नव्हे.

ताट भिरकावलं. स्टीलचं ताट एकदा आपटलं की त्याला पोचा पडतो आणि पुढच्या टेकला, म्हणजे तोच प्रसंग परत चित्रित करताना, पोचा पडलेलं ताट चालत नाही. तेव्हा सारखी दिसणारी निदान सहा ताटं. आमटी भिंतीवर उडणार, म्हणजे प्रत्येक टेकनंतर ती भिंत पुसावी लागणार. डिस्टेंपरची भिंत पुसली की फासटते. तेवढ्या भागाला धुता येणारा रंग द्यायचा आणि तो उरलेल्या भिंतीसारखाच दिसेल असा मारायचा. हे ज्याला संहिता वाचतानाच सुचतं, त्याला मी कामावर घेतो.

भाकरी प्रत्येक टेकला नवी. पाकिटावर काय लिहिलंय? त्यावर कॅमेरा जवळ जाणार असेल तर नाव, पत्ता, तिकीट, शिक्का सगळं लागेल, आणि तो पत्ता खऱ्या माणसाचा नको. आणि दृश्य 15 दुसऱ्या दिवशी सकाळी याच खोलीत असेल, तर डाग भिंतीवर आहे की बायकोने पुसला? हे तुम्ही ठरवायचं नाही, पण विचारायचं तुम्हीच.

फोडलेलं सगळं तक्त्यात टाका: दृश्य, जागा, बांधायचं काय, सजवायचं काय, हातात काय, किती नग, कोण आणणार, सातत्याची नोंद. मग जागांची मोजणी करा. ज्या घरात तीस दृश्यं आहेत ते बांधणं परवडतं. ज्या बँकेत एकच दृश्य आहे ती खरी बँक शोधा, किंवा लेखकाला नम्रपणे विचारा की हे पानटपरीवर होऊ शकेल का. निम्म्या वेळा लेखक हो म्हणतो.

तिसरी पायरी: काळ शोधायचा, समजा 1930 चं सोलापूर

काळाचं काम शिकायला आपल्या गावाइतकं चांगलं उदाहरण नाही. मे 1930 मध्ये इथं मार्शल लॉ लागला. 12 जानेवारी 1931 ला मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन आणि श्रीकिसन सारडा यांना फाशी दिली गेली. समजा त्या दिवसांतली एक गल्ली उभी करायची आहे.

पहिलं काम वजाबाकीचं. प्लास्टिकची बादली गेली. स्टीलची भांडी गेली, ती घराघरांत स्वातंत्र्यानंतर आली. तेव्हा पितळ, तांबं, कासं, माती. सिमेंटचे विजेचे खांब गेले, डिश अँटेना गेली, पाण्याच्या काळ्या टाक्या गेल्या. वाण्याच्या पाटीवर 'पैसे' लिहिताना जपा. दशमान नाणी 1 एप्रिल 1957 ला आली. त्याआधी रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे, पैशाच्या तीन पै. नाण्यावर पंचम जॉर्ज. इंग्रजी पाटी असेल तर गावाचं नाव 'शोलापूर' असं, कारण सरकारी स्पेलिंग तेच होतं. स्टेशनावर जीआयपी, म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे. पहाटे गिरणीचा भोंगा. तो साऊंडवाल्याचा असला तरी 1877 मध्ये सुरू झालेल्या 'जुन्या गिरणी'च्या वेळा तुम्ही त्याला शोधून द्या, तो उपकार विसरत नाही.

दारातलं दिनदर्शिकेचं पान बघणारे प्रेक्षक असतात. 12 जानेवारी 1931 ला सोमवार होता. दुसरा वार छापलात तर कोणीतरी थांबवून फोटो काढतंच. तिथीसाठी जुनी पंचांगं मिळवा. दाते पंचांग तर आपल्याच गावचं.

माहिती कुठून काढायची? 1884 साली निघालेला मुंबई इलाख्याच्या गॅझेटिअरचा सोलापूर खंड घरबसल्या वाचता येतो. त्यात घरं कशी होती, कोण काय विणत होतं, बाजार कुठं भरत होते ते आहे. हिराचंद नेमचंद वाचनालयात जाऊन बसा. आणि सगळ्यात मोठा खजिना म्हणजे लोकांच्या घरातले जुने ग्रुप फोटो. त्यातल्या चेहऱ्यांकडे नको, कडांकडे बघा. फोटोच्या कडेला चुकून आलेली खुर्ची, पायपुसणं, कुंडी यांची तिथं कोणी मुद्दाम मांडणी केलेली नसते.

एक खटकणारी गोष्ट सांगतो. काळाच्या कामात नवशिके सगळ्याच वस्तू त्याच वर्षीच्या आणतात. 1930 च्या घरात 1930 चंच सामान नसतं. 1880 चं कपाट, 1910 चा पितळी डबा आणि काल घेतलेला एक कंदील असतो. आपल्याच घरात बघा ना, आजीचा पाटा कोणत्या सालचा आहे?

चौथी पायरी: नकाशा, मॉडेल आणि लेन्सचं गणित

दिग्दर्शकाला नकाशा वाचता येईलच असं नाही, मॉडेल मात्र सगळ्यांना कळतं. सनबोर्ड (फोमचा हलका पुठ्ठा), कटर आणि फेविकॉलनं 1:50 चं मॉडेल एका रात्रीत होतं. मोबाइलचा कॅमेरा त्याच्या दारात धरला की चौकट दिसते. संगणकावर स्केचअप किंवा फुकटचं ब्लेंडर शिका, पण हाताने मॉडेल करणं सोडू नका. मीटिंगमध्ये वीज गेली तर मॉडेल चालू राहतं.

आता लेन्स. कॅमेरा किती रुंद बघतो ते एका भागाकारात निघतं: अंतर गुणिले सेन्सरची रुंदी, भागिले लेन्सचे मिलिमीटर. सिनेमाच्या सुपर 35 सेन्सरची रुंदी साधारण 25 मिलिमीटर धरा. 25 ची लेन्स लावून कॅमेरा बारा फुटांवर ठेवला तर बारा फूट रुंदी दिसते. 50 ची लावली तर सहाच फूट. म्हणजे दिग्दर्शक म्हणाला "या कोपऱ्यात फक्त 50 वर आहे", की सहा फुटांपलीकडची भिंत बांधायचीच नाही. वाचलेले पैसे निर्मात्याला दाखवा.

उंचीचंही तसंच. 16:9 च्या चौकटीत बारा फूट रुंदी दिसली तर उंची पावणेसात फूट. कॅमेरा साडेचार फुटांवर सरळ धरलेला असेल तर चौकटीची वरची कड सुमारे आठ फुटांवर येते. म्हणून दहा फुटांची भिंत पुरते आणि छत नसलं तरी चालतं; वरून दिवे सोडता येतात. कॅमेरा वर वळवणार असतील तर आधी विचारा, नाहीतर दिवेच दिसतात.

कॅमेऱ्याला मागे सरकायला जागा हवी, म्हणून निदान एक भिंत सरकती ठेवा. खरी खोली दहा बाय आठची असेल तर सेट थोडा मोठा बांधतात. पण फार मोठा केला की गरिबी जाते. कामगाराच्या घरात पंधरा फूट मोकळी जमीन दिसली की आई फोन करते.

पाचवी पायरी: अंदाजपत्रक

बारा बाय दहाची खोली, तीन भिंती, उंची दहा फूट. भिंतींची एकूण लांबी 32 फूट, क्षेत्रफळ 320 चौरस फूट. प्लायचा ताव आठ बाय चार, म्हणजे 32 चौरस फूट. दहा ताव झाले, कापाकापीसाठी एक जास्त, अकरा. असाच हिशेब फ्रेमच्या लाकडाचा, खिळ्यांचा, रंगाचा. दर बाजारात विचारून लिहा, गेल्या वर्षीच्या वहीतून उचलू नका.

नवशिके विसरतात ते असं: वाहतूक, हमाली, रात्रपाळीचं जेवण, भाड्याच्या वस्तूंची अनामत, मोडलेल्या वस्तूंची भरपाई आणि सेट मोडण्याचा खर्च. उभा करायला पैसे मिळतात, मोडायला कोणी देत नाही, पण स्टुडिओची जागा रिकामी करून द्यावीच लागते. एकूण आकड्यावर दहा टक्के शिलकी ठेवा आणि ती कोणाला सांगू नका.

सहावी पायरी: उभारणी आणि जुनं करणं

सुतार, रंगारी, मोल्डिंगवाले, इलेक्ट्रिशियन या दादांकडून शिका. हे लोक तुमच्या आधीपासून इथं आहेत. रंगाऱ्याला नमुना दाखवा, शब्द सांगू नका. "मळकट" म्हणजे काय ते माझं मला भोवलंच.

जुनं करण्याच्या युक्त्या स्वयंपाकघरातल्याच आहेत. पांढरं कापड चहाच्या पाण्यात बुडवलं की वीस वर्षांचं होतं. धुळीसाठी मुलतानी माती. भिंतीवर पातळ तपकिरी रंग ओढायचा आणि ओल्या फडक्याने लगेच पुसायचा, म्हणजे तो खाचांत राहतो. दाराची कड जिथं हात लागतो तिथंच घासायची, सगळीकडे नाही. सगळीकडे सारखं जुनं केलेलं घर भुताचं वाटतं. निव्वळ पांढरा रंग टाळा, तो कॅमेऱ्यात भडकतो.

बारीक रेघांच्या, बारीक चौकड्यांच्या कापडावर कॅमेऱ्यात लाटा थरथरतात, त्याला मॉयरे म्हणतात. कापडाची वीण आणि सेन्सरची जाळी एकमेकांत अडकल्यासारखी होते. आपली जकार्डची सोलापुरी चादर, मोठ्या नक्षीची, इथं निर्धास्त वापरता येते. बारीक चौकड्यांच्या टॉवेलची आधी चाचणी घ्या.

आणि एक गोष्ट ठणकावून सांगतो. सेट म्हणजे लाकूड, कापड, थिनर आणि गरम दिवे एकत्र. दोन बाहेर पडायच्या वाटा मोकळ्या, आग विझवायचं सिलिंडर हाताशी, उघड्या वायरी नाहीत. यावर कोणी हसलं तर हसू द्या.

सातवी पायरी: पहिलं काम गावातच

गणपतीचा किंवा आंबेडकर जयंतीचा देखावा ही या धंद्याची पहिली शाळा. तारीख हलत नाही, वर्गणी कमी पडते, पाऊस येतो, आणि हजारो लोक जवळून बघतात. मी नववीत असताना मंडळासाठी थर्माकोलचा किल्ला कापत होतो, तेव्हा एक काका रोज जाता-येता विचारायचे, "काय करलालास बे?" सांगता आलं नाही. अजूनही त्यांना नीट सांगता येत नाही.

मग नाटक. हौशी राज्य नाट्य स्पर्धेच्या सोलापूर केंद्रावर हुतात्मा स्मृती मंदिरात नाटकं होतात, तिथं कोणत्याही संघाला नेपथ्यासाठी माणूस हवाच असतो. विद्यापीठाच्या युवा महोत्सवातही शिरा. नाटकात प्रेक्षक एकाच बाजूने बघतो, सिनेमात कॅमेरा सगळीकडून, पण दोन अंकांच्या मध्ये तीन मिनिटांत दिवाणखान्याचं रेल्वे स्टेशन करायची सवय आयुष्यभर पुरते. शिवाय आपल्याच जिल्ह्यात, करमाळ्याकडच्या गावांत, 2016 चा 'सैराट' चित्रित झाला. युनिट गावात आलं की स्थानिक माहीतगार लागतो. जुनी पेटी कोणाकडे, बैलगाडी कोणाकडे, विहीर कुठं. ते तुम्ही असा.

शिक्षणाचं थोडक्यात

शाळेत असाल तर एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट ग्रेड परीक्षा द्या. बारावीनंतर कला महाविद्यालयासाठी राज्याची सीईटी, वास्तुकलेसाठी नाटा. मुंबईचं सर जे. जे. स्कूल ऑफ आर्ट 1857 पासूनचं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कला दिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. त्याला चित्र, शिल्प, उपयोजित कला, वास्तुकला, अंतर्गत सजावट अशा विषयांची पार्श्वभूमी लागते. नेमकी अट त्या वर्षीच्या माहितीपत्रकात बघा. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातही रंगमंच डिझाइन शिकता येतं. घरची परिस्थिती नसेल तर थेट सहाय्यक म्हणून लागा. दोन्ही वाटांनी आलेले चांगले लोक मी पाहिलेत. पहिल्या वाटेने आलेल्यांना नकाशा येतो, दुसऱ्या वाटेने आलेल्यांना भाव करता येतो.

मालिका की सिनेमा

मालिकेत सेट महिनोन्महिने उभा असतो आणि रोज वापरला जातो. दारं खरोखर टिकाऊ लागतात, सोफ्याची खोळ धुता यावी लागते, आणि लेखक आज रात्री लिहितो ती गौरीची आरास उद्या सकाळी हवी असते. वेग आणि दम मालिका शिकवते. सिनेमा विचार करायला वेळ देतो, पण दोन सिनेमांच्या मधले महिने पोट भरत नाहीत. माझं मत: पहिली दोन वर्षं मालिका करा, मग बाहेर पडा. पाच वर्षं झाली की डोळ्याला एकाच दिवाणखान्याची सवय लागते.

निघताना

पोर्टफोलिओ बारा ते पंधरा पानांचा पुरे. त्यात चकचकीत चित्रं कमी आणि प्रक्रिया जास्त: संहितेचा तक्ता, नकाशा, मॉडेल, अर्धवट उभा सेट, अंतिम फोटो, खर्चाचा आकडा. दहा घरांची वही नक्की ठेवा. मला अशी वही दाखवणारा मुलगा आजवर एकदाच भेटला, त्याला मी दुसऱ्या दिवशी बोलावलं.

पुण्याला पहाटेची हुतात्मा एक्सप्रेस, मुंबईला रात्रीची सिद्धेश्वर. हैदराबादही लांब नाही, आणि 1996 मध्ये सुरू झालेल्या रामोजी फिल्म सिटीत तेलुगू येणाऱ्या सोलापूरकराला दुभाष्या लागत नाही. हा फायदा आपले लोक वापरत नाहीत. सुरुवात इंटर्न किंवा आर्ट असिस्टंट, मग सहाय्यक कला दिग्दर्शक, मग स्वतंत्र काम. मधे पाच-सात वर्षं सहज जातात. मुंबईत कला दिग्दर्शक आणि वेशभूषाकारांची संघटना आहे. तिचं सभासदत्व, फी आणि नियम पहिल्याच वर्षी ऑफिसात जाऊन विचारा.

पैशाचं बोलणं कामाआधी आणि लेखी. मालिकांत बिल दिल्यापासून 90 दिवसांनी पैसे येणं हे नेहमीचंच आहे, म्हणून पहिल्या तीन-चार महिन्यांचं भाडं आणि जेवण गाठीला बांधूनच गाडीत बसा. माझे दोन महिन्यांचे पैसे एका ठिकाणी बुडाले, कारण सगळा व्यवहार फोनवर झाला होता आणि फोन उचलणारा माणूसच पुढे राहिला नाही. आता साधा ईमेल तरी घेतो: काम काय, दिवस किती, रक्कम किती, कधी.

पहिल्या दिवशीच्या पिशवीत टेप, कटर, मार्कर, मास्किंग टेप, छोटी वही, चार्जर, सेफ्टी पिना, सुईदोरा, ओला रुमाल आणि शेंगाचटणीची पुडी. चप्पल नको, जाड तळाचे बूट घाला. सेटच्या जमिनीवर कुठं तरी उलटा खिळा असतोच.